डिस्क साठवणीतील अतिरिक्तता

डिस्क साठवणीतील अतिरिक्तता म्हणजे संगणकातील माहिती तिच्या किमान गरजेपेक्षा अधिक जागा खर्चून अशा रीतीने साठवणे, की एखादी डिस्क, डिस्कचा काही भाग किंवा संपूर्ण संगणक निकामी झाला तरी उरलेल्या भागांवरून मूळ माहिती परत मिळवता यावी. संगणकक्षेत्रात ही संकल्पना ‘रिडंडन्सी’ या नावाने प्रचलित आहे. संपूर्ण प्रत ठेवणे, पॅरिटी काढून ठेवणे आणि इरेझर कोड वापरणे हे तिचे तीन मुख्य प्रकार होत. १९८८ साली मांडली गेलेली ‘रेड’ ही रचना या विषयातील सर्वांत परिचित पद्धत आहे.

बँकांची खाती, रुग्णालयांतील नोंदी, वैज्ञानिक निरीक्षणे आणि जमिनीचे अभिलेख आता प्रामुख्याने डिस्कवर साठवले जातात, त्यामुळे या विषयाला व्यावहारिक महत्त्व आले आहे. अतिरिक्ततेचा उपयोग प्रतींच्या संख्येइतकाच त्या प्रती एकमेकींपासून किती स्वतंत्र आहेत यावर अवलंबून असतो, हे या क्षेत्रातील संशोधनातून वारंवार दिसून आले आहे. महाराष्ट्रातील सातबारा उताऱ्यांच्या संगणकीकरणातही हाच अनुभव आला.

संकल्पना

हार्ड डिस्कमध्ये फिरत्या तबकड्यांवर चुंबकीय स्वरूपात माहिती लिहिलेली असते. तबकडी फिरवणारी मोटर, वाचक शीर्ष, विद्युत मंडल आणि चुंबकीय थर यांपैकी काहीही बिघडू शकते. सॉलिड स्टेट डिस्कमध्ये फिरते भाग नसले, तरी तिच्यातील स्मृतिपेशी ठरावीक वेळा लिहिल्यानंतर झिजतात. त्यामुळे कोणतीही डिस्क कधी ना कधी बंद पडणार, हे गृहीत धरूनच साठवणीची रचना केली जाते.

एखाद्या डिस्कची वर्षभरात बिघडण्याची शक्यता २ टक्के मानली आणि तिच्यासोबत तीच माहिती असलेली दुसरी डिस्क जोडली, तर माहिती नष्ट होण्यासाठी पहिली डिस्क बदलून होण्याआधी दुसरीही बिघडावी लागते. बदलीला एक दिवस लागतो आणि दोन्ही बिघाडांचा परस्परांशी काहीही संबंध नाही असे धरल्यास, वर्षभरात दोन्ही प्रती गमावण्याची शक्यता सुमारे १० लाखांत २ इतकी खाली येते. मात्र या हिशेबातील ‘परस्परांशी संबंध नाही’ हे गृहीतक प्रत्यक्षात अनेकदा टिकत नाही. दोन्ही डिस्क एकाच कारखान्यातील एकाच खेपेत तयार झालेल्या, एकाच दिवशी बसवलेल्या आणि एकाच वीजजोडणीवर चालणाऱ्या असतील, तर त्या पाठोपाठ बिघडण्याचा धोका हिशेबापेक्षा बराच जास्त असतो.

इतिहास

चुंबकीय डिस्क वापरणारा पहिला व्यापारी संगणक, आयबीएमचा रॅमॅक ३०५, १९५६ साली बाजारात आला. त्याच्या साठवण यंत्रात २४ इंच व्यासाच्या ५० तबकड्या होत्या आणि त्यांवर सुमारे ५० लाख अक्षरे मावत असत. त्याआधीच, १९५० साली, बेल प्रयोगशाळेतील रिचर्ड हॅमिंग यांनी चूक शोधून दुरुस्त करणारा कोड प्रसिद्ध केला होता. १९६० साली अर्विंग रीड आणि गुस्ताव सोलोमन यांनी मांडलेला रीड–सोलोमन कोड पुढे सीडी, क्यूआर कोड, अंतराळयानांशी होणारा संपर्क आणि डिस्क साठवण अशा सर्व ठिकाणी वापरला गेला.

१९७० च्या दशकात टँडम कॉम्प्युटर्स या कंपनीने बँका व शेअर बाजारांसाठी अखंड चालणारे संगणक विकसित केले. त्यांत प्रत्येक डिस्कची जुळी प्रत ठेवलेली असे. १९७८ साली आयबीएममधील नॉर्मन केन ओउची यांना निकामी झालेल्या साठवण यंत्रातील माहिती परत मिळवण्याच्या पद्धतीसाठी अमेरिकेचे पेटंट मिळाले. या पद्धतीत पॅरिटीचे तत्त्व वापरले होते.

या सर्व कल्पनांना एका चौकटीत बसवण्याचे काम कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कली येथील डेव्हिड पॅटरसन, गार्थ गिब्सन आणि रँडी कॅट्झ यांनी केले. १९८८ साली शिकागो येथील सिग्मॉड परिषदेत त्यांनी सादर केलेल्या निबंधात ‘स्वस्त डिस्कची अतिरिक्ततायुक्त मालिका’ ही रचना मांडण्यात आली. तिच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘रेड’ हे नाव रूढ झाले. मोठ्या संगणकांसाठी बनवलेली एक महागडी डिस्क वापरण्याऐवजी वैयक्तिक संगणकांसाठीच्या अनेक लहान डिस्क एकत्र वापरल्यास वेग वाढतो आणि खर्च कमी होतो, असा त्यांचा युक्तिवाद होता. त्यात एकच अडचण होती. एका डिस्कचे सरासरी आयुष्य ३०,००० तास धरले, तर १०० डिस्कच्या संचात सरासरी दर ३०० तासांनी, म्हणजे दोन आठवड्यांच्या आतच, एक डिस्क बंद पडणार. त्यामुळे असा संच उपयोगी ठरण्यासाठी अतिरिक्तता अपरिहार्य होती. पुढे महागड्या डिस्कचा जमाना मागे पडल्यावर ‘स्वस्त’ या शब्दाच्या जागी ‘स्वतंत्र’ हा शब्द आला. रेड हे संक्षिप्त रूप मात्र तेच राहिले.

रेडचे स्तर

मूळ निबंधात १ ते ५ असे पाच स्तर होते. ० आणि ६ हे स्तर नंतर जोडले गेले. त्यांपैकी सध्या प्रचारात असलेले मुख्य स्तर पुढीलप्रमाणे आहेत.

रेड ० : माहितीचे तुकडे करून ते अनेक डिस्कवर पसरवले जातात. याला पट्टीकरण किंवा स्ट्रायपिंग म्हणतात. वेग वाढतो, परंतु अतिरिक्तता मुळीच नसते. एक डिस्क गेली तरी संपूर्ण संच निरुपयोगी होतो.

रेड १ : प्रत्येक डिस्कची हुबेहूब प्रत दुसऱ्या डिस्कवर ठेवली जाते. याला मिररिंग म्हणतात. रचना सोपी असते, पण निम्मी जागा प्रतीसाठी खर्च होते.

रेड ५ : माहितीसोबत पॅरिटी साठवली जाते आणि ती सर्व डिस्कवर आळीपाळीने विभागली जाते. कोणतीही एक डिस्क गेली तरी माहिती शाबूत राहते. पाच डिस्कच्या संचात चार डिस्कएवढी जागा वापरता येते.

रेड ६ : दोन वेगवेगळ्या पद्धतींनी काढलेली पॅरिटी ठेवली जाते. त्यामुळे एकाच वेळी दोन डिस्क निकामी झाल्या तरी संच तग धरतो. यासाठी १९९५ साली प्रसिद्ध झालेला ‘इव्हनऑड’ आणि २००४ साली नेटॲप कंपनीच्या संशोधकांनी मांडलेला ‘रो–डायगोनल पॅरिटी’ हे कोड विशेष उल्लेखनीय आहेत.

रेड १० : मिररिंग केलेल्या जोड्यांवर पट्टीकरण केले जाते. विदागारांमध्ये जेथे लेखनाचा वेग महत्त्वाचा असतो, तेथे ही रचना पसंत केली जाते.

पॅरिटीचे कार्य

पॅरिटी काढण्यासाठी ‘एक्सॉर’ ही द्विमान क्रिया वापरतात. एका स्थानावरील १ या अंकांची संख्या विषम असेल तर उत्तर १ येते आणि सम असेल तर ० येते. समजा, तीन डिस्कवर अनुक्रमे १०११, ०११० आणि ११०० ही माहिती आहे. प्रत्येक स्थानावरील अंकांची एक्सॉर क्रिया केल्यास ०००१ ही पॅरिटी मिळते व ती चौथ्या डिस्कवर लिहिली जाते. आता दुसरी डिस्क बंद पडली असे मानू. उरलेल्या १०११, ११०० आणि ०००१ यांची पुन्हा एक्सॉर केल्यास ०११० हेच उत्तर येते. अशा प्रकारे हरवलेली माहिती नेमकी परत मिळते.

या सोयीची किंमत लेखनाच्या वेळी मोजावी लागते. रेड ५ मध्ये एक छोटा तुकडा बदलायचा असेल, तर जुना तुकडा व जुनी पॅरिटी वाचणे आणि नवा तुकडा व नवी पॅरिटी लिहिणे अशा चार क्रिया कराव्या लागतात. तुकडा लिहून झाल्यावर पण पॅरिटी लिहिण्यापूर्वी वीज गेली, तर दोहोंमध्ये विसंगती राहते. या दोषाला ‘राइट होल’ असे म्हणतात. बॅटरीचा आधार असलेले नियंत्रक, लेखनापूर्वी ठेवलेली रोजनोंद किंवा कधीही जुन्या जागेवर न लिहिणारी फाइल प्रणाली हे त्यावरील उपाय आहेत. सन मायक्रोसिस्टिम्सने २००५ साली खुली केलेली झेडएफएस ही फाइल प्रणाली तिसऱ्या प्रकारातील असून ती प्रत्येक तुकड्यासोबत चेकसमही ठेवते.

बिघाडांचा अभ्यास

रेडच्या मूळ गणितात डिस्कचे बिघाड परस्परांपासून स्वतंत्र मानले होते. प्रत्यक्ष परिस्थिती काय असते, याचे मोठे अभ्यास २००७ नंतर प्रसिद्ध झाले. कार्नेगी मेलन विद्यापीठातील बियांका श्रोडर आणि गार्थ गिब्सन यांनी सुमारे १ लाख डिस्कच्या नोंदी तपासल्या. उत्पादकांच्या माहितीपत्रकानुसार वर्षाला जास्तीत जास्त ०.८८ टक्के डिस्क बिघडायला हव्या होत्या. प्रत्यक्षात बदललेल्या डिस्कचे प्रमाण सामान्यतः २ ते ४ टक्के आणि काही ठिकाणी १३ टक्क्यांपर्यंत आढळले. बिघाड एकमेकांच्या मागोमाग गटाने येतात, हेही त्यांनी दाखवून दिले. त्याच वर्षी गूगलमधील संशोधकांनी १ लाखाहून अधिक डिस्कचा अभ्यास प्रसिद्ध केला. तापमान वाढले की डिस्क बिघडतात, या रूढ समजुतीला त्यात अपेक्षेपेक्षा बराच कमी आधार मिळाला.

संपूर्ण डिस्क बंद पडणे हा सहज लक्षात येणारा बिघाड आहे. त्याहून अवघड प्रकार म्हणजे डिस्क चालू असूनही तिचा एखादा भाग वाचता न येणे किंवा चुकीची माहिती गुपचूप परत येणे. १५.३ लाख डिस्कच्या ३२ महिन्यांच्या नोंदींवर आधारित एका अभ्यासात ३.४५ टक्के डिस्कमध्ये असे न वाचता येणारे भाग सापडले. याच संचाच्या ४१ महिन्यांच्या पुढील अभ्यासात चेकसम न जुळण्याच्या ४ लाखांहून अधिक घटना आढळल्या. जो भाग वर्षानुवर्षे कोणी वाचलेला नाही, त्यातील दोष दुसरी डिस्क बिघडून पुनर्बांधणी सुरू झाल्यावरच उघडकीस येतो आणि तोपर्यंत उशीर झालेला असतो. म्हणून सर्व डिस्क ठरावीक काळाने पूर्ण वाचून तपासण्याची पद्धत रूढ झाली. तिला ‘स्क्रबिंग’ म्हणतात.

डिस्कची क्षमता जितक्या झपाट्याने वाढली, तितका तिचा वेग वाढला नाही. २० टेराबाइटची डिस्क सेकंदाला २०० मेगाबाइट या वेगाने भरायची म्हटली, तरी १ लाख सेकंद, म्हणजे जवळपास २८ तास लागतात. या काळात संचातील इतर डिस्कवरही वाचनाचा मोठा ताण येतो. मोठ्या डिस्कच्या संचांसाठी रेड ५ ऐवजी रेड ६ ची शिफारस केली जाते, ती याच कारणाने.

इरेझर कोड आणि वितरित साठवण

हजारो संगणकांच्या केंद्रांमध्ये एका संगणकातील रेड पुरेसे नसते, कारण तेथे संपूर्ण संगणक, संपूर्ण कपाट किंवा जाळ्याचा एखादा भागच बंद पडू शकतो. संजय घेमावत, हॉवर्ड गोबिऑफ आणि शुन–ताक लेउंग यांनी २००३ साली वर्णन केलेल्या गूगल फाइल प्रणालीत ६४ मेगाबाइटच्या प्रत्येक तुकड्याच्या तीन प्रती वेगवेगळ्या संगणकांवर ठेवल्या जात असत. प्रती ठेवताना कपाटे वेगळी असतील, याची काळजी घेतली जाई.

तीन प्रतींसाठी तिप्पट जागा लागते. ही जागा वाचवण्यासाठी इरेझर कोड वापरले जातात. माहितीचे १० भाग करून त्यांवरून ४ अतिरिक्त भाग काढले, तर एकूण १४ पैकी कोणतेही १० भाग उरले तरी मूळ माहिती मिळते. यासाठी १.४ पट जागा पुरते. मात्र एक भाग हरवला की तो पुन्हा तयार करण्यासाठी इतर १० भाग जाळ्यावरून आणावे लागतात. हा भार कमी करण्याच्या प्रश्नातून ‘रिजनरेटिंग कोड’ आणि ‘लोकल रिकन्स्ट्रक्शन कोड’ या शाखा निर्माण झाल्या. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील के. व्ही. रश्मी, निहार शाह आणि पी. विजय कुमार यांनी २०११ साली प्रसिद्ध केलेली ‘प्रॉडक्ट–मॅट्रिक्स’ रचना हे पहिल्या शाखेतील महत्त्वाचे भारतीय योगदान आहे. दुसऱ्या शाखेतील कोड मायक्रोसॉफ्टने आपल्या ॲझ्युर या सेवेत वापरला व २०१२ साली त्याचे वर्णन प्रसिद्ध केले.

अतिरिक्तता आणि बॅकअप

अतिरिक्तता व बॅकअप या संकल्पनांमध्ये अनेकदा गल्लत केली जाते. मिररिंग केलेल्या संचात एखादी फाइल चुकून पुसली, तर ती दोन्ही डिस्कवरून त्याच क्षणी पुसली जाते. चुकीची नोंद केली तर तीही दोन्हीकडे तितक्याच विश्वासूपणे उतरते. खंडणीसाठी माहिती कुलूपबंद करणाऱ्या घातक आज्ञावलीपासूनही रेड संरक्षण देत नाही. अतिरिक्ततेमुळे यंत्र बिघडले तरी काम चालू राहते. चुकीच्या आधीच्या स्थितीला परत जाण्यासाठी बॅकअपच लागतो. म्हणून माहितीच्या तीन प्रती, दोन भिन्न प्रकारच्या माध्यमांवर आणि त्यांपैकी एक वेगळ्या ठिकाणी, असा ‘३–२–१’ नियम सांगितला जातो.

जागा वेगळी असण्याचे महत्त्व १० मार्च २०२१ रोजी फ्रान्समधील स्ट्रासबर्ग येथे ओव्हीएच कंपनीच्या माहिती केंद्राला लागलेल्या आगीत दिसून आले. ज्या ग्राहकांचा बॅकअप त्याच परिसरात होता, त्यांपैकी अनेकांची माहिती कायमची गेली. महाराष्ट्रात २१ जून २०१२ रोजी मुंबईतील मंत्रालयाला लागलेल्या आगीत पाच जणांचा मृत्यू झाला आणि वरच्या मजल्यांवरील अनेक कागदी नस्त्या जळाल्या. ज्या नस्तीची दुसरी प्रत अन्यत्र नव्हती, तिची पुनर्रचना इतर कार्यालयांशी झालेल्या पत्रव्यवहारावरूनच करणे शक्य होते.

महाराष्ट्रातील स्थिती

पुण्यातील संशोधन व उद्योग

१९८८ साली पुण्यात प्रगत संगणन विकास केंद्राची, म्हणजे सी–डॅकची, स्थापना झाली. बुलढाण्याला लागून असलेल्या अकोला जिल्ह्यातील मुरंबा येथे जन्मलेले विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली तेथे १९९१ साली परम ८००० हा महासंगणक तयार झाला. डिस्क साठवणीच्या आज्ञावली तयार करणारे मोठे केंद्र म्हणूनही पुढे पुणे ओळखले जाऊ लागले. सॉफ्टवेअरद्वारे रेड पुरवणारा ‘व्हॉल्यूम मॅनेजर’ बनवणाऱ्या व्हेरिटास कंपनीचे मोठे विकास केंद्र पुण्यात होते. केक्यू इन्फोटेक या पुण्यातील कंपनीने झेडएफएस ही फाइल प्रणाली लिनक्सच्या गाभ्यावर चालवण्याचे काम २०१० च्या सुमारास केले. २००८ साली पुण्यात स्थापन झालेली ड्रुवा ही कंपनी बॅकअपच्या क्षेत्रातील आहे. मिलिंद बोराटे हे तिच्या संस्थापकांपैकी एक होत.

बॅकअपच्या आज्ञावलींमध्ये ‘डिडुप्लिकेशन’ हे तंत्र वापरतात. त्यात वारंवार आलेला समान मजकूर एकदाच साठवून जागा वाचवली जाते. वरकरणी हे अतिरिक्ततेच्या उलट आहे. एकच तुकडा हजारो फाइलींचा आधार झाल्यामुळे त्या तुकड्याला पॅरिटी किंवा प्रतीचे संरक्षण देणे अधिकच आवश्यक ठरते.

भूमी अभिलेख : बुलढाणा जिल्हा

बुलढाणा जिल्हा अमरावती महसूल विभागात असून त्यात १३ तालुके आहेत. राज्यातील इतर जिल्ह्यांप्रमाणे येथेही शेतजमिनीचा मूलभूत अभिलेख सातबारा उतारा हा आहे. गाव नमुना सात हा अधिकार अभिलेख, तर गाव नमुना बारा ही पिकांची नोंदवही. पीककर्ज, खरेदीखत, वारसनोंद आणि नुकसानभरपाई या सर्वांसाठी हा उतारा लागतो. त्यामुळे लोणार किंवा संग्रामपूर तालुक्यातील अल्पभूधारक शेतकऱ्याच्या दृष्टीने त्यावरील एक नाव किंवा क्षेत्राचा एक आकडा चुकणे ही गंभीर बाब असते.

हस्तलिखित पद्धतीतही अतिरिक्तता होती, परंतु ती निव्वळ नकलांच्या स्वरूपात नव्हती. सातबारावरील प्रत्येक बदलाला फेरफार क्रमांक असतो आणि त्या बदलाची नोंद गाव नमुना सहा या फेरफार नोंदवहीत वेगळी केलेली असते. खातेदारनिहाय क्षेत्र गाव नमुना आठ–अ मध्ये असते. गट किंवा सर्व्हे क्रमांकाचे क्षेत्र व आकारणी दाखवणारा आकारबंद हा भूमी अभिलेख विभागाकडे, म्हणजे महसूल विभागाच्या तलाठी कार्यालयाबाहेर असतो. संगणकशास्त्राच्या परिभाषेत सांगायचे तर फेरफार नोंदवही रोजनोंदीचे, तर आकारबंदाशी क्षेत्राचा मेळ घेणे हे चेकसमचे काम करते.

सातबाराचे संगणकीकरण झाल्यावर डिस्कवरील प्रती ठेवणे सोपे झाले. मात्र हस्तलिखितावरून माहिती भरताना राहिलेल्या चुका या प्रतींमुळे दूर होण्यासारख्या नव्हत्या, कारण प्रत्येक प्रतीत तीच चूक होती. नाव गळणे, हिस्सा किंवा क्षेत्र चुकणे, जुना बोजा तसाच राहणे असे दोष हस्तलिखिताशी ताडून पाहिल्यावरच सापडत. यासाठी राज्यात २०१७ साली चावडी वाचनाची मोहीम घेण्यात आली. गावात खातेदारांसमोर संगणकीकृत सातबारा वाचून दाखवून हरकती घेतल्या गेल्या. लेखनप्रमादाच्या दुरुस्त्यांसाठी महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ मधील कलम १५५ वापरले जाते. १ मे २०१८ पासून डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा ऑनलाइन उपलब्ध झाला. या दुरुस्तीच्या कामात हस्तलिखित नोंदवह्या आणि खातेदारांची स्वतःची माहिती या दोन स्वतंत्र प्रती उपयोगी पडल्या. संगणकीकरण पूर्ण झाल्यानंतरही मूळ नोंदवह्या जतन करण्याचे हे एक महत्त्वाचे कारण आहे.

मर्यादा

अतिरिक्तता वाढवली की खर्च, वीज आणि देखभाल वाढते. गुंतागुंतही वाढते आणि तिच्यामुळे नवे दोष शिरकाव करतात. सदोष नियंत्रक संचातील सर्व डिस्कवर चुकीची माहिती लिहू शकतो. बंद पडलेली डिस्क संचाने सावरून घेतल्यामुळे कोणाच्या लक्षातच आली नाही, तर दुसऱ्या बिघाडाच्या वेळी संरक्षण उरलेले नसते. तालुक्याच्या ठिकाणच्या लहान कार्यालयांत, पतसंस्थांत किंवा शाळांत, जेथे पूर्णवेळ तंत्रज्ञ नसतो, तेथे हा धोका विशेष असतो. अशा ठिकाणी दोन डिस्क वेगवेगळ्या खेपांतील घेणे, संचाच्या इशाऱ्यांकडे कोणी पाहायचे हे ठरवून देणे, एक प्रत दुसऱ्या इमारतीत ठेवणे आणि तिच्यावरून माहिती खरोखर परत मिळते का, हे ठरावीक काळाने करून पाहणे आवश्यक मानले जाते.

हेही पाहा

हार्ड डिस्क
रीड–सोलोमन कोड
फाइल प्रणाली
सातबारा उतारा
सी–डॅक
बुलढाणा जिल्हा